दिवेलागणीचा दोन

१

सोमेश्वरला या सगळ्यातून काय मिळणार होतं, ते आधी मांडून ठेवू. बायको.

वय तेहतीस, वारंगा फाट्यावर पंक्चरचं दुकान, टाळूवर विरळ होत चाललेले केस आणि सात वर्षांत पाहिलेल्या एकवीस मुली. त्यातल्या एकोणीस जणींना पुण्याचा नोकरदार पाहिजे होता. विसावी त्याच्याकडं पाहून नुसती हसली आणि चहाचा कप उचलून आत निघून गेली. एकविसावी मिळत होती, पण साट्यालोट्यात. तिकडची मुलगी इकडं, इकडची तिकडं. तिकडच्या भावाचंही लग्न अडलं होतं आणि सोमेश्वरला वीस वर्षांची बहीण होती. आरोही. नांदेडला नर्सिंगच्या दुसऱ्या वर्षाला.

आई सुमनबाईनं ती सोयरीक उंबऱ्याच्या आत येऊ दिली नाही. "पोरगी देऊन सून आणायची, ह्याला लगीन न्हाई म्हणत," ती म्हणाली. "बाजारात म्हशीची अदलाबदल करतेत, तसलं झालं हे. तुला बिनलग्नाचा ठेवीन, पण लेकीला न्हाई बदलणार."

बाप तातेराव गप्प बसला. तातेराव नेहमीच गप्प बसायचा, त्यामुळं त्या दिवशीच्या गप्प बसण्याकडं कुणी वेगळं लक्ष दिलं नाही.

हे सगळं युसूफचाचांना ठाऊक होतं. जवळा बाजारात ज्याला वाचता येत नाही, त्याचं सगळंच चाचांना ठाऊक असे. चाचांनी चौतीस वर्षं तारखात्यात काढली. तारा बंद पडायच्या आधीच ते निवृत्त झाले, आणि आता आठवडी बाजारात लिंबाखाली टेबल टाकून लोकांचे अर्ज लिहीत. पण अलीकडं अर्जांपेक्षा मोबाईलच जास्त येत. शहरात शिकणारी पोरं इंग्रजी अक्षरांत तुटकंतुटकं लिहीत आणि आईबाप तो फोन चाचांसमोर ठेवून डॉक्टरच्या तोंडाकडं पाहावं तसं पाहत. मागल्या वर्षी फुलसिंग रडकुंडीला येऊन पळत आला होता. पोराच्या मेसेजखाली 'टीसी' लिहिलेलं. शाळेनं दाखला हातात दिला असं समजून घरात चूल पेटली नव्हती.

"अरे बाबा, 'काळजी घे' म्हणतोय तो," चाचा म्हणाले.

"मंग तसं लिवायला काय तकलीफ होती त्याला?"

"आमच्या टायमाला शब्दागणिक पैसे पडायचे म्हणून लोक आखूड लिहायचे. ह्यांना फुकट आहे तरी आखूड लिहितात. माझ्याही ध्यानात नाही येत काहून."

आरोहीचे मेसेज असेच असत: 'आई जेवन झ. जीएन. टीसी.' सुमनबाईला ते जेवण-गुडनाईट कळायला आठ दिवसांनी बाजार यावा लागे. शेवटी चाचांनीच तोड काढली. सुमनबाई वांगी-मेथी विकायची. अक्षर येत नसलं तरी आकडा तिचा पक्का होता. तारेत सणाच्या शुभेच्छांना जसे नंबर असत, तसे चाचांनी मायलेकींना नंबर ठरवून दिले. एक म्हणजे पोहोचले, दोन म्हणजे जेवले, तीन म्हणजे परीक्षा आहे, चार म्हणजे सुट्टीला येऊन राहिले, पाच म्हणजे मला न्यायला या. त्या दिवशी सुमनबाईनं चाचांना मेथीच्या दोन जुड्या जास्त दिल्या. रोज रात्री तिच्या बटनाच्या फोनवर दोन यायचा आणि तो पाहून ती निजायची.

पंधरा तारखेच्या बाजाराला ती आली तेव्हा टोपली नव्हती, डोक्यावरचा पदरही नीट नव्हता.

"चाचा, होस्टेलच्या मॅडमचा फोन आला सकाळी. मला म्हणल्या, आता तब्येत कशी आहे तुमची? आरोहीला परत कधी धाडता?" तिनं टेबलाची कड धरली. "मला कुटं काय झालं होतं, चाचा?"

२

मॅडमच्या रजिस्टरात तीन तारखेला नोंद होती: आई सीरियस, घरी रवाना. आरोहीला कुणाचा तरी फोन आला, तिनं रडतरडत पिशवी भरली आणि ती एकटीच बसस्टँडला गेली. तेव्हापासून बारा दिवस झाले होते.

'आई सीरियस' हे दोन शब्द ऐकून चाचांनी डोळे मिटले. चौतीस वर्षांत त्यांनी ते किती वेळा खटखटवले असतील याची मोजदाद नव्हती. माणूस गेलेला असला तरी तारेत सीरियसच लिहायचं, ही रीत. ते वाचून जो तो हातातलं टाकून निघायचा, कुणी उलटून विचारायचं नाही.

ठाण्यात साहेबांनी पाच मिनिटांत निकाल लावला. "पोरगी सज्ञान आहे. आई सीरियस हे होस्टेलच्या पोरींचं ठरलेलं कारण. कुणाबरोबर तरी गेली. लोकेशन मागवू, दहा-पंधरा दिवस लागतील."

"पण तिचा नंबर येऊन राहिला ना!" सुमनबाईनं फोन पुढं केला. "रोज दोन येतो. कालच्यालाबी आला."

साहेब हसले. "मग झालंच की. खाऊनपिऊन सुखी आहे ती."

चाचांनी फोन घेऊन एकेक तारीख खाली सरकवली. दोन तारखेपर्यंतचे मेसेज रात्री सव्वानऊ, साडेनऊ, नऊ वीसचे. तीनपासूनचे पावणेसात, सातचे. दहा आणि अकराला काहीच नव्हतं. बारापासून चौदापर्यंत पुन्हा दोन, दोन, दोन.

"ह्या दोन दिवसांत?"

"आमच्या टावरच्या बॅटऱ्या चोरीला गेल्या होत्या. सारं गावच बंद होतं." सुमनबाईनं नाक पुसलं. "मला तर बरं वाटून राहिलं होतं, चाचा. म्हणलं, लेकरू आता येळेवर जेवायला लागलं. दिवा लावला की दोन येतो."

कोपऱ्यातल्या बाकावर एक पोरगा एका कानावर हात दाबून बसला होता. साहेबांनी त्याच्याकडं बोट केलं. "हा शिवशंकर. होस्टेलच्या मॅडम म्हणतात, हिच्या पोरीचं बोलणं ह्याच्याशीच जास्त. घेऊन गेला, आणि आता बोलत नाही."

३

शिवशंकर नांदेडला लॅबचा कोर्स करायचा. मॅडमनं नाव सांगितलं म्हणून त्याला सकाळीच उचलून आणलं होतं आणि त्याच्या गालावर चार बोटं अजून दिसत होती.

"साहेब, आमी नोट्स पाठवायचो एकमेकाला," तो चाचांना म्हणाला. चाचा काही साहेब नव्हते, पण त्याला आता जो बसलेला दिसेल तो साहेब वाटत होता.

"नुसत्या नोट्स?"

पोरगं खाली पाहू लागलं. "थोडं बोलायचो बी."

हवालदारानं त्याचा फोन आणला. "चाचा, हे वाचा बरं. हिचा शेवटचा मेसेज. ह्यात तिसऱ्या माणसाचं नाव आहे. बीआरबी! कोण हा, बाबूराव का कोण? सकाळपासून विचारतोय, सांगत न्हाई."

चाचांनी चष्मा वर केला. मेसेज होता: 'आई एसआरएस. घरी चालले. बीआरबी. प्रॅक्टिकल वही ठेव. टीसी.'

"बाबूराव न्हाई, हवालदारसाहेब. बीआरबी म्हणजे आलेच परत."

"बघा! मी तेच सांगत होतो," शिवशंकर म्हणाला.

"तू बी.. लवकर सांगायचं ना," हवालदार जरा ओशाळून म्हणाला.

"सांगितलं की. त्यालाच तुमी कानाखाली दिली."

चाचा फोन हातात धरून बसले. जी पोरगी पळून जाते, ती ज्याच्याबरोबर पळायचं त्यालाच 'आलेच परत' असं लिहीत नाही, आणि प्रॅक्टिकलची वही सांभाळायला सांगत नाही. आई सीरियस ही आरोहीची थाप नव्हती. तिला ती थाप दुसऱ्यानं मारली होती, आणि ज्याच्यावर ती उलट न विचारता विश्वास ठेवील अशाच माणसानं मारली होती.

पण मग रोजचा दोन कोण पाठवत होतं?

४

प्रियदर्शनी आरोहीच्या खोलीत राहायची आणि तिच्याच गावची. कावीळ झाली म्हणून महिनाअखेरीलाच घरी आली होती. चाचा गेले तेव्हा ती ओसरीवर उसाचे करवे चघळत होती. डोळे हळदीनं धुतल्यासारखे.

"तुला त्यांचे नंबर ठाऊक होते?"

"साऱ्या होस्टेलला ठाऊक होते. आमी तिला चिडवायचो, चाचा. आरोहीची आई म्हणजे बँकेचा ओटीपी." ती हसली आणि मग तिला हसल्याची लाज वाटली. "पण ती रोज पाठवायची. मेसमधून हात धुवून आली की पहिलं तेच. मेस तरी कसली, नऊशिवाय दार उघडत नाहीत. तवर पोटात कावळे. त्या जेवणानंच कावीळ झाली मला."

"सोमेश्वर भेटला होता का तुला?"

तिनं करवा खाली ठेवला. "आला होता. एकतीसला. तब्येत पाहायला म्हणून. मंग इचारलं, आरोहीची परीक्षा कवा संपते, मॅडम सुट्टी देतेत का. मला वाटलं, भाऊ आहे, इचारतोय. मी सांगितलं सारं." तिचे पिवळे डोळे भरून आले. "मी काही वाईट केलं का, चाचा?"

आतून तिच्या आईनं चहा आणून ठेवला.

"इथं पडूनपडून डोकं फिरलं," प्रियदर्शनी नाक ओढत म्हणाली. "त्यात दोन दिवस टावर बंद. मोबाईल म्हणजे नुसता दगड. बाराला चालू झाला तर होस्टेलच्या पोरींचे दोन दिवसांचे सत्तर मेसेज एकदम आदळले. वाचूवाचू थकले."

चाचांच्या हातातली बशी तोंडाशी जाता जाता थांबली.

"एकदम आले? मागच्या तारखांचे?"

"येतेतच की. अडकून पडतेत आन् मग सारे एकदाच येतेत."

हे चाचांना तिनं सांगायची गरज नव्हती. पावसाळ्यात हिंगोलीची लाईन तुटायची; जोडली की तुंबलेल्या तारा रात्रभर खटखटत येत. तार वाटेत अडते, हरवत नाही. नांदेडहून निघालेले दहा आणि अकराचे दोन, बाराला सुमनबाईच्या फोनवर आदळायला पाहिजे होते. आदळले नाहीत, कारण ते कधी निघालेच नाहीत. आणि ते निघाले नाहीत, कारण पाठवणाऱ्याचाही टॉवर बंद होता.

आरोहीचा फोन याच गावात होता.

५

वारंगा फाट्यावर सोमेश्वर ट्यूब पाण्याच्या टोपात बुडवून बुडबुडे शोधत होता. दाढी वाढलेली. नखांच्या कडेला हळद. पंक्चरवाल्याच्या काळ्या हातांवर ती फार उठून दिसत होती.

"लगीन झालं म्हणायचं," चाचा बाकावर बसत म्हणाले. "लाडू न्हाई दिलेस."

सोमेश्वरनं मान वर केली नाही. "माझ्याकडं तिचा फोन न्हाई. झडती घ्या पाहिजे तर."

"मी फोनचं नाव तरी काढलं का, पोरा?"

टोपातले बुडबुडे थांबले. ट्रक गेला, त्याच्या मागं धुरळा गेला, तरी सोमेश्वर तसाच वाकलेला.

"तुझ्याकडं फोन न्हाई, हे मला ठाऊक आहे," चाचा म्हणाले. "तू दिवसरात्र फाट्यावर. इथला टावर एक मिनिट बंद पडला नव्हता, मी समोरच्या हॉटेलात विचारून आलो. तुझ्याकडं असता तर दहा-अकराचे दोन निघाले असते. शिवशंकर नांदेडला, म्हणून तोही यानंच सुटला. उरलं तुमचं गाव. तिथं प्रियदर्शनी आहे, पण तिनं पाठवले असते तर नऊनंतर पाठवले असते. ती त्याच मेसला जेवते. जो पाठवतोय त्याला मेसची वेळ ठाऊक न्हाई. तो दिवेलागणीला स्वतः जेवायला बसतो आन् समजतो, की सारी दुनिया तवाच जेवती."

सोमेश्वरनं ट्यूब सोडून दिली.

"कोण पाठवतो ते मला कळलं, सोमेश्वर. मला इतकंच सांग, पोरगी कुठं आहे?"

तेहतीस वर्षांचा तो बाप्या लेकरासारखा ओठ दाबून उभा राहिला. मग म्हणाला, "बाबाला इचारा. माझ्यानं न्हाई सांगवत."

६

चाचा गावात पोहोचले तेव्हा दिवे लागत होते. सुमनबाई ओट्यावर फोन मांडीत घेऊन बसली होती. चाचांनी तिला हातानंच बसून राहायला सांगितलं आणि ते मागं गोठ्याकडं वळले.

तातेराव बैलाच्या दावणीशी उकिडवा बसला होता. पुढ्यात भाकरी होती, आणि मांडीवर कोपऱ्याला तडा गेलेला आरोहीचा फोन. चाचांना पाहून त्यानं तो लपवला नाही.

"या," तो म्हणाला. "सोमेश्वरनं सांगितलं?"

"न्हाई. तुमीच सांगितलं. दोन दिवस टावर बंद होता तवा तुमी पाठवलं न्हाई."

"आपलाच बंद, म्हणलं कुणाचंच जात नसंल."

"मला आधीच कळायला पाहिजे होतं," चाचा म्हणाले. "साऱ्यांनी शिकलेली माणसं धरली. तुमाला लिहिता येत न्हाई म्हणून तुमच्याकडं कुणी पाहिलंच न्हाई. मी बी न्हाई."

आणि ते खाली शेणातच बसले. आरोहीचं 'आई जेवन झ, जीएन, टीसी' तातेरावला सात जन्मांत लिहिता आलं नसतं. त्या मोडक्यातोडक्या अक्षरांत तरी ती पोरगी होती. दुसऱ्यानं लिहायला घेतलं असतं तर कुठंतरी चुकलं असतं. आकड्यात कुणीच नसतं. आकडा कुणीही पाठवावा. चाचांनी सुमनबाईसाठी म्हणून जे दार बसवलं, त्यातून हा आत आला होता.

तातेराव बोलू लागला. आयुष्यभराचं साठवलेलं एकदाच बोलावं, तसा.

"मीच फोन केला तिला. आई सीरियस म्हणून. बसस्टँडवरून सोमेश्वरनं परभारे गाडीत घातलं. सुमनला म्हणलं, बैल पाहायला चाललो. पैनगंगेपल्याड त्यांच्या अंगणात चार तारखेला दोन्ही लग्नं लागली. म्हणलं होतं, आठ दिवसांत पोरगी रुळंल, मग सुमनला सांगू; तवर सून फाट्यावरच ठेवली. पोरगं बिनलग्नाचं मरंल म्हणून भेव होतं, चाचा. लोक हसत होते त्याला."

"पोरगी काय म्हणली?"

"काही न्हाई म्हणली. निघताना फोन मागितला. म्हणली, बाबा, एकच आकडा पाठवू द्या."

"कोणता?"

"मी इचारलं न्हाई."

दावणीतला बैल कडबा ओढत होता. चाचांना तो आकडा विचारायची गरज नव्हती. पाचवा त्यांनीच ठरवून दिला होता.

"आठ तारखेला त्यांचा सांगावा आला. इहिरीवर पाय घसरला म्हणले." तातेरावनं भाकरीचा तुकडा मोडला आणि तसाच हातात ठेवला. "इहिरीला कठडा होता, चाचा. माझ्या छातीएवढा. म्या बघितला. कुणी काही बोललं न्हाई, मी बी न्हाई. तिकडंच उरकलं. सांजच्याला माघारी आलो तर सुमन ओट्यावर फोन धरून. म्हणली, अजून दोन आला न्हाई, लेकरू उपाशी हाय का काय. मी हितं आलो, आन् पाठवला."

चाचांनी मनातल्या मनात तारखा मोजल्या. आठ, नऊ, बारा, तेरा, चौदा. पोरगी नव्हती, आणि बाप रोज तिच्या नावानं जेवत होता.

"आदुगरचे सोमेश्वरसाठी पाठवले," तातेराव म्हणाला. "मागचे कुणासाठी, ते मला बी न्हाई सांगता येत."

गोठ्याच्या दाराशी काहीतरी हललं. सुमनबाई उभी होती. किती वेळची, ते दोघांनाही कळलं नाही.

७

चौथ्या दिवशी, बाजार नसताना, सुमनबाई चाचांच्या घरी आली आणि ओसरीवर बसली.

"फिर्याद लिवायची. नवऱ्यावर, लेकावर, त्यांच्यावर. साऱ्यांवर."

चाचांनी कागद पुढं ओढला.

"आन् काही आखूड करू नका," ती म्हणाली. "तिनं काय म्हणलं, ह्यांनी काय म्हणलं, सारं लिवा."

दुपारपर्यंत नऊ पानं झाली. चाचांनी ती वाचून दाखवली. सुमनबाईनं डोळे मिटून ऐकलं आणि एकदाच थांबवलं. "तिनं फोन मागितला होता. ते ऱ्हायलं." चाचांनी ते समासात लिहिलं. तातेरावनं सांगितलेलं होतं ते. लिहिताना त्यांच्याच हातून सुटलं होतं, का त्यांनी सोडलं होतं, हे त्यांनी स्वतःलाही विचारलं नाही. मग सुमनबाईनं खाली अंगठा उमटवला, नवऱ्याच्या आणि लेकाच्या नावाखाली, आणि शाई पदराला पुसून ती निघून गेली.

आता कुणी किती भरलं, ते मांडायचं तर असं आहे. सोमेश्वरला बायको मिळाली ती चार दिवस; नणंद गेल्यावर तिच्या माणसांनी तिला परत नेलं, आणि आता सोमेश्वर जिथं आहे तिथं स्थळं येत नाहीत. त्या मुलीचं नाव या गावात कुणी नीट ऐकलंही नव्हतं. तिच्यासाठी तिकडं आता पोरंबाळं असलेला बिजवर पाहताहेत. शिवशंकरला डाव्या कानानं ऐकू येत नाही आणि त्याचं वर्ष गेलं. प्रियदर्शनी कावीळ उतरूनही होस्टेलला परत गेली नाही. तातेरावनं कोर्टात एकही गोष्ट नाकारली नाही, पण त्यानं त्याची शिक्षा उणी झाली नाही आणि अधिकही झाली नाही. चाचांनी टेबल मोडलं. हे सगळ्यांत स्वस्तातलं होतं, आणि त्यांना ते ठाऊक होतं. सुमनबाईनं काहीच मागितलं नव्हतं, तरी तिच्याकडून घर, नवरा, लेक, सून, लेकरू असं सगळं वसूल झालं.

आणि आरोही. तिनं सगळ्यांच्या आधी भरलं. या सगळ्यातून तिला काय मिळणार होतं, ते मात्र सोयरीक ठरवताना कुणी मांडलंच नव्हतं.